हसविणाऱ्याचे स्वातंत्र्य

संस्कृत नाटकातील विदूषकाला एक मोठी सवलत असे. राजासमोर जे शब्द मंत्र्याच्या ओठांवर येण्यास धजत नसत, ते विदूषक बिनदिक्कत बोलून जाई. राजाचे प्रेमप्रकरण असो, त्याचा आळस असो किंवा त्याचे रुसवेफुगवे असोत, विदूषकाच्या जिभेच्या तडाख्यातून काहीच सुटत नसे. परंतु या सवलतीला एक अदृश्य दोरी बांधलेली होती. विदूषक जेवत असे तो राजाच्याच मुदपाकखान्यात. मोदकांचे ताट जेथून येते त्या दालनाच्या उंबऱ्याशी थट्टेने थबकले पाहिजे, हे तो मनोमन जाणून असे. तमाशातील सोंगाड्याची अवस्था फारशी निराळी नव्हती. भर फडात तो गावच्या पाटलाला चिमटा काढी. पण सुपारी देणारा तोच पाटील असल्यामुळे चिमटा किती खोल जाऊ द्यावा याचा अंदाजही त्याला ठेवावा लागे. हसविणारा माणूस कोणाचे अन्न खातो, हा प्रश्न म्हणूनच हसविण्याच्या कलेइतका जुना आहे.

विसाव्या शतकातील महाराष्ट्रात या प्रश्नाचे उत्तर ज्यांनी आपल्या सबंध कारकिर्दीतून दिले, ते पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे होत. ते नट होते, पटकथाकार होते, संगीतकार आणि नाटककार होते. आणि रंगमंचावर एकट्याने उभे राहून भरल्या नाट्यगृहाला खदखदा हसविणारे एकपात्री कलावंत होते. त्यांच्या गुणांची यादी करावी आणि थक्क होऊन थांबावे, हा प्रघात महाराष्ट्रात जुना आहे. त्या यादीपेक्षा तिचा क्रम अधिक बोलका आहे. एकामागून एक माध्यमे हाताळीत हा कलावंत अशा जागी येऊन पोहोचला, की जेथे त्याच्या आणि श्रोत्याच्या मध्ये कोणीही उरले नाही. या वाटेवर त्यांनी काय सोडले आणि काय मिळविले, हे पाहण्यासारखे आहे.

देशपांडे यांचा जन्म ८ नोव्हेंबर १९१९ रोजी मुंबईत झाला. त्याच वर्षाच्या जुलैत सुधीर फडके आणि ऑक्टोबरात ग. दि. माडगूळकर जन्मले होते. मराठी चित्रपटाला पुढे एकाच मांडवाखाली वावरताना दिसलेले हे तिघे कलावंत असे एकाच वर्षाची देणगी होत. देशपांडे यांचे बालपण जोगेश्वरीत आणि पार्ल्यात गेले. पार्ल्याचे टिळक विद्यालय ही त्यांची शाळा. आजोळी विद्येची आणि विनोदाची परंपरा होती. ‘ऋग्वेदी’ या नावाने लिहिणारे वामन मंगेश दुभाषी हे त्यांचे मातामह. घरात गाणे होते, पेटी होती आणि माणसांची वर्दळ होती. वडिलांचे छत्र मात्र लवकर हरपले आणि गाण्याच्या शिकवण्या, किरकोळ नोकऱ्या, शाळेतील मास्तरकी अशी मिळेल ती कामे करीत त्यांना शिक्षण पुरे करावे लागले. पुण्याचे फर्ग्युसन आणि सांगलीचे विलिंग्डन या महाविद्यालयांतून ते शिकले.

या धडपडीच्या वर्षांचा एक मोठा लाभ झाला. कचेरीतला साहेब, चाळीतला भाडेकरू, शिकवणीच्या घरची आजी, आगगाडीच्या तिसऱ्या वर्गातला प्रवासी, गाण्याच्या बैठकीतला रसिक आणि त्याच बैठकीत पेंगणारा यजमान, अशी नाना तऱ्हेची माणसे त्यांच्या कानांत आपापला आवाज ठेवून गेली. विनोदी नटाचे भांडवल त्याच्या चेहऱ्यात असते असा एक समज आहे. देशपांडे यांचे भांडवल त्यांच्या कानात होते. माणूस काय बोलतो याहून तो कोठे थांबतो, कोणता शब्द गिळतो आणि कोणत्या शब्दावर उगीचच जोर देतो, याची नोंद त्यांचा कान अचूक घेत असे. पुढे काही काळ त्यांनी बेळगावच्या राणी पार्वतीदेवी महाविद्यालयात मराठीचे अध्यापन केले. तेथल्या वास्तव्याने त्यांना कानडीच्या हेलात बोलली जाणारी मराठी दिली. ‘गणगोत’ या संग्रहातील ‘रावसाहेब’ ज्यांनी वाचले आहेत त्यांना हे सांगण्याची गरज नाही. सीमाभागातल्या एका रगेल आणि दिलदार माणसाचा सारा स्वभाव त्या दोन भाषांच्या सरमिसळीतून उभा राहतो, आणि थट्टेचा सूर कोठेही उपहासाकडे झुकत नाही.

देशपांडे प्रथम लोकांपुढे आले ते नट म्हणून. मो. ग. रांगणेकर यांच्या ‘नाट्यनिकेतन’ या संस्थेच्या ‘वहिनी’ नाटकात त्यांनी काम केले आणि रांगणेकरांच्याच ‘कुबेर’ या १९४७ सालच्या चित्रपटातून ते पडद्यावर दिसले. १९४८ साली राम गबाले यांच्या ‘वंदे मातरम्’मध्ये ते आणि त्यांच्या पत्नी सुनीताबाई, दोघांनीही भूमिका केल्या. १९५० सालच्या राजा परांजपे यांच्या ‘पुढचे पाऊल’मध्ये हंसा वाडकर यांच्यासारख्या कसलेल्या अभिनेत्रीबरोबर ते उभे राहिले. रूपसंपन्न नायकाचा साचा त्यांना लागू पडत नव्हता आणि त्यांनी तो लावूनही घेतला नाही. भोळा, गोंधळलेला, स्वप्नाळू, पण आतून शाबूत असलेला साधा माणूस ही त्यांच्या अभिनयाची जात होती.

नटाबरोबरच लेखकही चित्रपटात शिरला. ‘जागा भाड्याने देणे आहे’, ‘मानाचं पान’, ‘नवरा बायको’, ‘दूधभाकर’ अशी चित्रपटांची माळ १९४९ पासूनच्या तीन-चार वर्षांत ओवली गेली. कोठे पटकथा, कोठे संवाद, कोठे संगीत, तर कोठे हे सारेच त्यांच्याकडे असे. ‘प्रभात’चा वैभवाचा काळ तेव्हा ओसरू लागला होता आणि लहान लहान निर्माते अपुऱ्या भांडवलावर चित्रपट काढीत होते. अशा व्यवसायात ज्याला लिहिता येते, गाता येते, चाल लावता येते आणि वेळ पडल्यास तोंडाला रंग लावून उभेही राहता येते, असा माणूस निर्मात्याला देवदूतासारखा वाटावा यात नवल नाही. १९५३ सालच्या ‘देवबाप्पा’मध्ये माडगूळकरांच्या शब्दांना देशपांडे यांनी चाल दिली आणि आशा भोसले यांनी मोराला नाचावयास बोलावले, ते बालगीत मराठी मुलांच्या ओठांवरून अजून उतरलेले नाही.

त्याच वर्षी ‘गुळाचा गणपती’ आला. कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि प्रमुख भूमिका ही सर्व अंगे एकट्या देशपांडे यांची होती. ‘सब कुछ पु. ल.’ हा वाक्प्रचार या चित्रपटाशी जोडला जातो. गीते मात्र माडगूळकरांची होती, आणि इंद्रायणीच्या काठावरील भक्तीचे त्यांतले गीत भीमसेन जोशी यांच्या स्वरात अजरामर झाले. चित्रपटाचा नायक नाऱ्या हा जगाने भोळसट ठरविलेला तरुण आहे. तो स्वप्ने पाहतो, फसतो, हसे करून घेतो. पण ज्यांना तो हास्यास्पद वाटतो तेच हळूहळू प्रेक्षकाला हास्यास्पद वाटू लागतात. चार्ल्स चॅप्लिनच्या भटक्याची आठवण येथे झाल्यावाचून राहत नाही.

चॅप्लिनचे नाव येथे आणखी एका कारणासाठी घ्यावयास हवे. लंडनच्या गरीब वस्तीत वाढलेला आणि तेथल्या गाण्या-नकलांच्या रंगमंचांवर तयार झालेला हा विनोदी नट अमेरिकेत कीर्तीच्या शिखरावर पोहोचला, तेव्हा त्याने ओळखले की आपल्या विनोदाची किल्ली दुसऱ्याच्या तिजोरीत राहता कामा नये. १९१९ साली, म्हणजे देशपांडे जन्मले त्याच वर्षी, त्याने तीन सहकाऱ्यांसह ‘युनायटेड आर्टिस्ट्स’ ही स्वतःची वितरण संस्था काढली. आपला चित्रपट आपण काढावा, आपल्या सवडीने काढावा आणि त्याचे बरेवाईट आपण भोगावे, असा त्यामागचा हेतू होता. चॅप्लिनला ते साधले, कारण त्याच्या मुक्या चित्रपटांना सारे जग ही बाजारपेठ होती. मराठी बोलणाऱ्या कलावंताला तशी बाजारपेठ कोठली? ‘गुळाचा गणपती’त सब कुछ एकट्याचे असले तरी भांडवल, वितरण आणि चित्रगृह एकट्याचे नव्हते. या चित्रपटानंतर देशपांडे यांनी पडद्याकडे जवळजवळ पाठ फिरविली. तेव्हा त्यांचे वय जेमतेम चौतीस वर्षांचे होते.

पडद्याकडून मिळू न शकणारी आणखी एक गोष्ट होती. विनोदाला प्रतिसादाची भूक असते. रंगमंचावरील नट एक वाक्य टाकतो, हशा उसळतो, तो उतरणीला लागेपर्यंत नट थांबतो आणि नेमक्या क्षणी पुढचे वाक्य उचलतो. हे थांबणे रोज निराळे असते. शनिवारच्या भरगच्च प्रयोगात ते लांबते, पावसाळी दिवशी अर्ध्या रिकाम्या नाट्यगृहात ते आखडते. चित्रपटात मात्र ते एकदा कापून जोडले की कायमचे ठरून जाते. गर्दीच्या खेळात हशाच्या लाटेखाली पुढचे वाक्य बुडते आणि तुरळक प्रेक्षकांपुढे तीच फट अवघडल्यासारखी रिकामी राहते. नट तर त्या वेळी तेथे नसतोच. आपण पेरलेले हास्य उगवले की नाही, हे त्याला दुसऱ्याच्या तोंडून ऐकावे लागते.

यानंतरचा टप्पा वरकरणी याहूनही मुका होता. १९५५ साली देशपांडे आकाशवाणीच्या सेवेत आले. नभोवाणीच्या कलाकारापुढे प्रेक्षक नसतो, रंगपट नसतो, प्रकाश नसतो. चार भिंतींना कापूस आणि कापड लावलेल्या खोलीत एक ध्वनिक्षेपक तेवढा असतो. हसविणाऱ्याला यासारखी शिक्षा नाही आणि यासारखी शाळाही नाही. हातवारे निरुपयोगी ठरल्यावर सारा भार आवाजावर येतो. चाळीचा जिना, त्यावरून उतरणाऱ्या वहाणा, नळावरचे भांडण, पलीकडच्या खोलीतला तंबोरा, हे सर्व एकट्या कंठातून ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढे उभे करावे लागते. शिवाय नभोवाणीचा श्रोता हा जमाव नसतो. तो आपल्या घरात, आपल्या खुर्चीत बसलेला एकटा माणूस असतो, आणि त्याच्याशी सभेत बोलल्यासारखे बोलून चालत नाही. शेजारी बसून गप्पा माराव्यात तसे बोलावे लागते. देशपांडे यांच्या पुढील एकपात्री प्रयोगांत हजार माणसांच्या नाट्यगृहालाही जे घरगुतीपण जाणवे, त्याचे मूळ या ध्वनिक्षेपकासमोरच्या वर्षांत शोधले पाहिजे.

दूरचित्रवाणीचे शिक्षण घेण्यासाठी पन्नाशीच्या दशकाच्या अखेरीस ते इंग्लंडला गेले. त्या प्रवासाचे वर्णन ‘अपूर्वाई’त आले. १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत दूरचित्रवाणीचे प्रायोगिक प्रसारण सुरू झाले, तेव्हाच्या आरंभीच्या निर्मात्यांमध्ये ते होते. पंडित जवाहरलाल नेहरूंची दूरचित्रवाणीवरील पहिली मुलाखत त्यांनी घेतली असे त्यांच्या चरित्रात नोंदविले जाते. सरकारी सेवेत मानाची जागा होती, नव्या माध्यमाचे कुतूहल होते आणि महिन्याच्या महिन्याला वेतन होते. विदूषकाच्या ताटात मोदक होते, असेही म्हणता येईल. हे ताट त्यांनी फार काळ समोर ठेवले नाही. नोकरी सोडून ते रंगभूमीकडे आले.

नाटककार म्हणून त्यांचा पाया तोवर पक्का झाला होता. गोगोलच्या रशियन प्रहसनावरून त्यांनी ‘अंमलदार’ लिहिले होते. राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकासाठी ‘पुढारी पाहिजे’ हे लोकनाट्य दिले होते. आणि १९५७ सालच्या ‘तुझे आहे तुजपाशी’ने काकाजी आणि आचार्य यांचा रसिकता आणि विरक्ती यांविषयीचा वाद घरोघर पोहोचविला होता. परंतु नाटकातही लेखक आणि श्रोता यांच्यामध्ये दहा-वीस माणसे असतात. उरलेले पाऊल १९६१ साली पडले. ‘बटाट्याची चाळ’ हे पुस्तक १९५८ सालीच प्रसिद्ध झाले होते. आता त्या चाळीला घेऊन तिचा लेखक एकटाच रंगमंचावर आला.

हे धाडस आज सहज वाटते, त्या वेळी तसे नव्हते. नाट्यगृहात तिकीट काढून आलेला मराठी प्रेक्षक नाटक पाहावयास येई, आणि नाटक म्हणजे पात्रे, पडदे, प्रवेश आणि पदे. एक मध्यमवयीन गृहस्थ येणार, तो कोणाचेही सोंग न घेता स्वतः लिहिलेले बोलत राहणार, आणि यासाठी पैसे मोजावयाचे, हे नवे होते. तरीही ते अगदीच अनोळखी नव्हते. महाराष्ट्राने शतकानुशतके कीर्तन ऐकलेले आहे. कीर्तनकार एकटाच उभा राहतो; क्षणात तो दुष्यंत होतो, क्षणात शकुंतला होतो, आणि दुसऱ्याच क्षणी दोघांनाही बाजूला ठेवून समोरच्या आजोबांना कोपरखळी मारतो. कथा सांगणाऱ्याचा आपला आवाज हा दोरा असतो आणि पात्रे त्यात ओवलेली असतात. देशपांडे यांनी ही ओळखीची बैठक घेतली आणि तीवर पुराणातल्या राजाऐवजी मुंबईचा भाडेकरू आणून बसविला.

त्रिलोकेकर, अण्णा पावशे, कोचरेकर मास्तर, मंगेशराव अशी बिऱ्हाडे त्या मंचावर प्रत्यक्षात नव्हतीच. आवाजाची एक पट्टी बदलली, मान किंचित कलली, एखादे अक्षर नाकातून उमटले, की माणूस बदले. उरलेले काम प्रेक्षकाची स्मरणशक्ती करी, कारण तसा मास्तर आणि तशी मावशी त्याच्याही चाळीत राहत होती. ज्याने चित्रपटात चरित्र-अभिनेता म्हणून काम केले होते, ज्याने पटकथा लिहिताना एका दृश्यातून दुसऱ्या दृश्यात कसे जावे हे आत्मसात केले होते, आणि ज्याने नभोवाणीवर आवाजातून जागा उभी केली होती, त्या माणसाच्या साऱ्या जुन्या विद्या येथे एकत्र आल्या. पडद्याने न दिलेली गोष्टही येथे मिळाली. आपण पेरलेले हास्य आपल्याच डोळ्यांदेखत उगवताना तो पाहू लागला.

या हास्याच्या पोटात काय होते, हेही ध्यानात घेतले पाहिजे. ‘गच्चीसह झालीच पाहिजे’ या प्रकरणात चाळीचे भाडेकरू गच्चीच्या किल्लीसाठी आंदोलन उभारतात. पुस्तक आले तेव्हा संयुक्त महाराष्ट्राची चळवळ ऐन भरात होती आणि तिची घोषणा प्रत्येकाच्या ओठांवर होती. ज्या ध्येयावर लेखकासह सारा समाज मनापासून प्रेम करीत होता, त्याच ध्येयाच्या उत्साहातील हास्यास्पद बाजू दाखविणे, आणि तरीही त्या उत्साहाचा अपमान न करणे, हे काम सोपे नव्हते. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य स्थापन झाले; पुढल्याच वर्षी मंचावर आलेल्या या चाळीला प्रेक्षक हसले ते स्वतःला. आणि शेवटच्या चिंतनात जेव्हा चाळ थकल्या आवाजात आपले मनोगत सांगू लागे, तेव्हा इतका वेळ हसत असलेले नाट्यगृह एकाएकी गप्प होई.

लेखकाने आपल्याच पात्रांना घेऊन मंचावर उभे राहण्याचा जगातील सर्वांत गाजलेला दाखला चार्ल्स डिकन्सचा आहे. १८५३ साली धर्मादाय कार्यासाठी त्याने आपल्या कथेचे जाहीर वाचन केले आणि १८५८ पासून तो व्यवसाय म्हणून अशी वाचने करू लागला. इंग्लंड आणि अमेरिका त्याने पादाक्रांत केली, अमाप पैसा मिळविला. पण नॅन्सीच्या खुनाचा प्रसंग रंगविताना त्याची नाडी बेफाम होई आणि वैद्य चिंतेत पडत. १८७० च्या मार्चमध्ये त्याने अखेरचे वाचन केले आणि जूनमध्ये तो गेला. टाळ्यांचे व्यसन हे कलावंताला लागणाऱ्या व्यसनांपैकी सर्वांत देखणे आणि सर्वांत घातक असते. राजाच्या मुदपाकखान्यातून सुटलेला विदूषक येथे पुन्हा अडकू शकतो. या वेळी त्याला बांधणारा असतो प्रेक्षक. कालच्या वाक्याला मिळालेला हशा उद्याही हवासा वाटतो, आणि हळूहळू कलावंत स्वतःचीच नक्कल करू लागतो.

देशपांडे या सापळ्यातून सुटले ते बऱ्याच अंशी सुनीताबाईंमुळे. १९४६ साली विवाहबद्ध झालेल्या या दाम्पत्यात एकाचा स्वभाव उधळण्याचा आणि दुसऱ्याचा सावरण्याचा होता. १९६२ साली ‘वाऱ्यावरची वरात’ निघाली, पुढे धोंडो भिकाजी जोशी या कारकुनाची आत्मकथा सांगणारे ‘असा मी असामी’ मंचावर आले. या सर्व खेळांची शिस्त, वेळेचा काटेकोरपणा आणि हिशेबाची चोख व्यवस्था सुनीताबाईंनी सांभाळली. प्रयोगांना गर्दी होत असतानाच ते थांबविण्याचा निर्णयही या घरात घेतला गेला. मिळालेल्या पैशाचा मोठा भाग पु. ल. देशपांडे प्रतिष्ठानच्या द्वारे समाजाकडे परत गेला. पुण्याच्या ‘मुक्तांगण’ या व्यसनमुक्ती केंद्राची १९८६ साली उभारणी झाली तीही या देणगीच्या आधारावर. हसविण्याच्या कमाईने व्यसनाधीनांना आधार मिळावा, हे त्या विनोदाच्या स्वभावाला साजेसेच झाले.

या विनोदावर आक्षेप घेतले गेले नाहीत असे नाही. त्यांचे जग पांढरपेशा मध्यमवर्गाचे आहे, त्यांचा विनोद फार सौम्य आहे, तो ओरखडे काढीत नाही आणि जुन्या दिवसांच्या हळहळीत रमतो, असे म्हटले गेले. या आक्षेपांत तथ्य आहे. चाळीच्या पलीकडील झोपडीत त्यांचा कॅमेरा क्वचित वळला. परंतु ज्या जगाचा अनुभव आपल्यापाशी नाही त्याचे खोटे चित्र त्यांनी रंगविले नाही. आणि त्या जगातील माणसे जेव्हा स्वतः लिहू लागली, तेव्हा दया पवार यांच्या ‘बलुतं’सारख्या आत्मकथनाचे स्वागत करण्यास ते मनापासून पुढे आले. आपल्या सुरांच्या मर्यादा ठाऊक असणे आणि दुसऱ्याच्या सुराला दाद देणे, ही गोष्ट बैठकीतल्या रसिकाला शोभणारी होती.

विनोद सौम्य होता म्हणून विनोदी माणूस भित्रा होता, असा अर्थ मात्र काढता येत नाही. १९७४ साली इचलकरंजीच्या मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांच्याकडे आले. पुढल्याच वर्षी देशात आणीबाणी पुकारली गेली, आणि १९७७ च्या निवडणुकीत देशपांडे यांनी तिच्याविरुद्ध गावोगाव सभा घेतल्या. त्यांच्या शब्दाने हसणारे लोक त्या सभांतून गंभीर होऊन घरी गेले. सत्तांतर झाल्यावर त्यांनी कोणतेही पद घेतले नाही. निवडणूक संपली आणि ते पुन्हा आपल्या टेबलाशी जाऊन बसले.

या सगळ्या अनुभवाचा अर्क त्यांनी उतारवयात एका पटकथेत ओतला. ‘गुळाचा गणपती’नंतर जवळजवळ चार दशकांनी, १९९२ साली, जब्बार पटेल यांनी दिग्दर्शित केलेला ‘एक होता विदूषक’ आला. लक्ष्मीकांत बेर्डे यांनी त्यात आबुराव ही भूमिका केली. तमाशातील नर्तकीच्या पोटी जन्मलेला आबुराव सोंगाड्या म्हणून गाजतो, चित्रपटात जाऊन मोठा नट होतो आणि शेवटी राजकारण्यांच्या हाती सापडतो. त्याच्या हास्याची किंमत वाढत जाते आणि त्याचे हास्य मात्र त्याचे राहत नाही. त्याची एक लहान मुलगी आहे. ती हसत नाही. लाखो लोकांना हसविणाऱ्या माणसापुढे या एका मुलीचा न हसणारा चेहरा हा सर्वांत कठीण प्रेक्षक ठरतो. ज्या मार्गाने स्वतः देशपांडे पाऊल मागे घेऊन निसटले, त्याच मार्गाने पुढे जात राहिलेल्या विदूषकाची ही कहाणी आहे. चित्रपटाला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तिकीटबारीवर मात्र तो फारसा चालला नाही. विनोदी नटाकडून हसूच हवे असलेल्या प्रेक्षकाला विदूषकाची व्यथा नकोशी झाली, आणि त्या कथेतील म्हणणे असे तिच्याच नशिबाने खरे ठरविले.

१९९६ साली महाराष्ट्र शासनाने ‘महाराष्ट्रभूषण’ हा पहिला पुरस्कार देशपांडे यांना दिला. शरीर तेव्हा कंपवाताने जर्जर झाले होते. तरीही पुरस्काराच्या त्या प्रसंगाने सत्ताधाऱ्यांच्या वृत्तीविषयीची आपली नापसंती त्यांना गिळावयास लावली नाही, आणि त्याबद्दल झालेली कठोर टीकाही त्यांनी सोसली. संस्कृत नाटकातल्या विदूषकाला जे जमले नसते ते त्यांनी केले. ताट समोर आले असतानाही त्यांची जीभ मोकळी राहिली. १२ जून २००० रोजी, आपल्या विवाहाच्या चोपन्नाव्या वाढदिवशी, पुण्यात त्यांचे निधन झाले.

त्यांनी मोकळी केलेली वाट ओस पडली नाही. राष्ट्र सेवा दलाच्याच कलापथकातून आलेल्या राम नगरकर यांनी ‘रामनगरी’त आपल्या न्हावी समाजातील बालपणाची हकीकत एकट्याने सांगितली आणि चाळीच्या विनोदाला जे जग दिसले नव्हते ते मंचावर आणले. १९७९ पासून लक्ष्मण देशपांडे यांनी ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’मध्ये मराठवाड्याच्या बोलीत बावन्न पात्रे एकट्याच्या अंगावर पेलली. या दोघांचे जग निराळे होते, भाषा निराळी होती. पण रिकाम्या मंचावर एका माणसाने यावे आणि आपल्या माणसांची गोष्ट आपल्या बोलीत सांगावी, याला लागणारा विश्वास त्यांना आधीच कमावून ठेवलेला मिळाला.

देशपांडे यांच्या कारकिर्दीत सोडलेल्या गोष्टींची यादी लांब आहे. पडदा सुटला, नोकरी सुटली, अखेरीस टाळ्यांनी गजबजलेला मंचही सुटला. राहिला तो एक आवाज. तो ध्वनिफितींतून आजही ऐकू येतो. चाळीचा जिना आजही त्यात कुरकुरतो, बेळगावचे रावसाहेब आजही आपल्या दुहेरी भाषेत गरजतात, आणि ज्यांनी चाळ कधी पाहिलीच नाही अशा घरांतली मुले ते ऐकताना मोठ्यांच्या आधी हसतात.